कर्जवसुलीचा लिलाव आणि शेताचे मोल



रामाकोना-सौंसरच्या शिवारात संत्र्याच्या बागेचा एकर आणि कोरडवाहू एकर यांना एकच भाव लावता येत नाही, हे येथील शाळकरी मुलासही ठाऊक असते. परंतु कर्जवसुलीसाठी न्यायालयाच्या आदेशाने शेत लिलावास निघाले आणि विक्रीच्या जाहीरनाम्यात केवळ खसरा क्रमांक व क्षेत्र नमूद झाले, तर विहीर आणि फळावर आलेली झाडे कागदावर उरतच नाहीत. बोली बोलणारा कागद पाहूनच बोलतो.

हे दुखणे जुने आहे. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांचे दस्तऐवज हिसकावून जाळले, त्या संतापामागे हुकूमनाम्यापायी हातची जाणारी जमीनही होती. १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी स्वतंत्र कायदा करावा लागला. मध्य प्रांतात कर्ज-तडजोडीचा कायदा १९३३ साली आला.

आज आधार आहे तो १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश २१ चा. नियम ६६ प्रमाणे जाहीरनामा तयार करण्यापूर्वी ऋणकोस नोटीस दिली जाते. १९७६ च्या दुरुस्तीनंतर मालमत्तेच्या किमतीचा स्वतःचा अंदाज लिहिण्याचे बंधन न्यायालयावर नाही. मात्र पक्षकारांनी दिलेला अंदाज जाहीरनाम्यात आलाच पाहिजे. सारी मेख येथेच आहे. ऋणको गैरहजर राहिला की धनकोचा आकडा एकटाच झळकतो. नोटीस घेतली नाही म्हणजे प्रकरण टळले, ही समजूत घातकच म्हटली पाहिजे. नोटीस दारावर चिकटवूनही बजावता येते.

पुढे लिलाव झाल्यावर किंमत कमी आली, एवढ्याच कारणाने तो रद्द होत नाही. नियम ९० नुसार जाहीरनाम्यात किंवा विक्रीच्या कामात महत्त्वाची अनियमितता अथवा लबाडी झाली आणि तिच्यामुळे भरीव नुकसान झाले, हे दोन्ही दाखवावे लागते. शिवाय जाहीरनामा तयार होईपर्यंत जी हरकत घेता आली असती, ती नंतर ऐकली जात नाही. म्हणून बागेचे वय, झाडांची संख्या, विहिरीचे पाणी आणि शेजारच्या शेतांच्या नोंदलेल्या खरेदीखतांतील भाव हे सारे नोटीस मिळताच लेखी सादर करावे. लिहिता न येणाऱ्यांना या कामी गावच्या शिक्षकांचे साहाय्य फार मोलाचे ठरेल.

थोड्या कर्जासाठी सगळे शेत विकणेही कायद्यास मान्य नाही. सुमारे २,४०० रुपयांच्या वसुलीसाठी १० एकर जमीन १७,००० रुपयांस विकली गेल्याचे एक प्रकरण १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आले. देण्यापुरता तुकडा विकून भागते काय, हे आधी तपासणे हे न्यायालयाचे कर्तव्यच आहे, असे सांगून ती विक्री रद्द करण्यात आली.

मध्य प्रदेशच्या १९५९ च्या भूराजस्व संहितेतील कलम १६५ (७) तर शेतकऱ्यास आणखी संरक्षण देते. त्यान्वये भूमिस्वामीची ५ एकर बागायत किंवा १० एकर कोरडवाहू जमीन हुकूमनाम्याखाली जप्त होत नाही. त्याहून अधिक असेल तेवढीच होते. आदिवासी भूमिस्वामीची जमीन तर जप्तीच्या बाहेरच ठेवली आहे. जमीन गहाण दिलेली असेल तर मात्र हे संरक्षण मिळत नाही.

लिलाव होऊन गेला तरी ६० दिवसांची मुदत उरते. त्या अवधीत जाहीरनाम्यातील रक्कम आणि खरेदीदारासाठी विक्रीच्या किमतीच्या ५ टक्के रक्कम न्यायालयात भरल्यास नियम ८९ प्रमाणे विक्री रद्द करून घेता येते. त्यासाठी किमतीचा वाद सिद्ध करावा लागत नाही.