आधी हक्काचा कागद, मग उठायची गोष्ट

(मेळघाटातल्या गावांच्या सभेत झालेलं भाषण. बोललं तसंच ठेवलं आहे, मधल्या घोषणा गाळल्या आहेत.)



आज वाघाबद्दल बोलायचं आहे. 1973 साली देशात व्याघ्र प्रकल्प सुरू झाला, तेव्हा पहिल्या नऊ जंगलांत आपलं मेळघाट होतं. मग 1985 मध्ये अभयारण्य आलं, 1987 मध्ये गुगामळ राष्ट्रीय उद्यान आलं. नकाशावर एकावर एक रेघा पडत गेल्या. अभयारण्यात परवानगीनं गुरं चारता येतात, राष्ट्रीय उद्यानात तेही नाही. रेघेच्या आत आपली शेतं होती, मोहाची झाडं होती, मुठवा होता. ते नकाशावर कोणी काढलं नाही.

पण वाघ आपला दुश्मन नाही, हे पहिले पक्कं करू. आपण त्याला कुला म्हणतो. तो आहे म्हणून सांबर-गव्यांचा तोल आहे, तो तोल आहे म्हणून रान आहे. सिपना, खापरा, खंडू, गाडगा, डोलार या नद्या याच रानातून निघून तापीला जातात. रान गेलं तर नदी आटेल, मग वाघही नाही आणि आपणही नाही. रानपिंगळ्याची गोष्ट ऐका. हे छोटं घुबड शंभराहून जास्त वर्षं शास्त्रज्ञांना दिसलं नव्हतं, संपलं असंच धरलं होतं. 1997 मध्ये ते नंदुरबारकडच्या सातपुड्यात सापडलं, पुढे आपल्या मेळघाटातही दिसलं. म्हणजे माणसं राहतात त्याच डोंगरांत ते टिकलं होतं. माणूस आला की रान संपतं असं म्हणणाऱ्यांना हे सांगा.

आता कागदाची गोष्ट. साहेब लोक गावात येतात, कुटुंबामागे पैसे देऊ म्हणतात, सही करा म्हणतात. पैसा खोटा नाही. पण कायद्यानं काय आधी आणि काय नंतर, ते कोणी सांगत नाही. म्हणून मी सांगतो, नीट ऐका.

वनहक्क कायदा 2006 चा आहे. तो राष्ट्रीय उद्यानालाही लागू आहे, अभयारण्यालाही लागू आहे. व्याघ्र प्रकल्पात हक्क मिळत नाही असं कोणी म्हटलं तर म्हणा, लेखी द्या.

गाव उठवायचं असेल तर पहिलं काम, सगळ्यांचे हक्क तपासून मान्य झाले पाहिजेत. तोवर कोणाला जमिनीवरून हलवता येत नाही, कलम 4(5) तेच सांगतं. दुसरं, गाव राहिल्यानं वाघाचं भरून न येणारं नुकसान होतं हे सरकारनं दाखवायचं. तिसरं, माणूस आणि जनावर सोबत राहण्याचा रस्ता खरंच उरला नाही, हेही सरकारनंच ठरवून सांगायचं. चौथं, सगळी माहिती देऊन ग्रामसभेची लेखी संमती घ्यायची. पाचवं, नव्या जागी जमीन आणि सोयी तयार झाल्याशिवाय हलवायचं नाही. हा क्रम आहे. आपल्याकडे सही आधी मागतात आणि बाकीचं नंतर बघू म्हणतात. बैल गाडीच्या मागे जुंपला तर गाडी चालेल का?

काही गावांना खरंच जायचं आहे. पावसाळ्यात रस्ता बंद होतो, बाळंतीण दवाखान्यात पोचत नाही, लेकरं कुपोषणानं जातात. ज्याला जायचं त्याला आपण अडवणार नाही, आणि जो राहील त्याला कोणी हाकलणार नाही. पण जाणाऱ्यानंही आधी दावा मान्य करून घ्यावा. हक्काचा कागद हातात असला तर तुम्ही मालक म्हणून बोलता. नसला तर अतिक्रमणवाले म्हणून बोलता. आणि नवी जागा बायांनी आधी जाऊन बघावी. पाणी किती लांब, सरपण कुठून आणायचं, गुरं कुठं चारायची, हे बाईच्या डोळ्याला पहिले दिसतं.

दाव्याचं काम असं करा. ग्रामसभेनं 10 ते 15 जणांची वनहक्क समिती निवडावी, त्यात तिसरा हिस्सा बाया पाहिजेतच. शेताचा दावा वेगळा, गावाच्या सामूहिक जंगलाचा दावा वेगळा, दोन्ही भरा. वनग्राम असेल तर महसुली गाव करण्याचा हक्कही मागा. शेतावर 13 डिसेंबर 2005 च्या आधीचा ताबा दाखवावा लागतो. एकच पुरावा पुरत नाही, निदान दोन लावा. जुनी दंडाची पावती चालते, विहीर चालते, मसणवट चालते, देवाची जागा चालते, म्हाताऱ्या माणसाचा लेखी जबाब चालतो. म्हातारे आहेत तोवर जबाब लिहून घ्या. दावा दिला की पोच घ्या. कोऱ्या कागदावर अंगठा देऊ नका.

शेवटचं बोलणं थोडं कडू आहे. याच कायद्याच्या कलम 5 नं रान आणि जनावर राखायचा अधिकार ग्रामसभेला दिला आहे. अधिकार घेतला की कामही आलं. मोह वेचायला झाडाखाली आग लावतात, ती डोंगर चढते. झाडाखालचा पाला झाडून घ्या, आग नको. डुकरासाठी तारेत वीज सोडतात, त्यात वाघ मरतो आणि आपलं पोरगंही मरतं. वाघानं गाय मारली तर राग येतो, खरं आहे, पण मढ्यावर विष टाकू नका. मढं हलवू नका, लगेच कळवा, पंचनामा करून घ्या, भरपाई मागा. एक वाघ विषानं मेला तर गाव उठवायला तेवढं कारण पुरतं.

येत्या ग्रामसभेत दोन ठराव घ्या. एक, दावे निकाली निघेपर्यंत कोणी संमती लिहून देणार नाही. दुसरा, आग आणि वीज बंद, रान राखायला पाळीनं माणसं जातील. दोन्ही एकाच दिवशी, एकाच वहीत लिहा. उद्या कोणी विचारलं की वाघ कोण राखतो, तर ती वही पुढे ठेवता आली पाहिजे.

जिंदाबाद!