मुरलीकांत पेटकर यांचे चरित्र आणि आपली घरे

(मंडळाच्या जळगाव येथील वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



गुणवंत विद्यार्थ्यांच्या सत्कारप्रसंगी दोन शब्द बोलावेत, अशी कार्यकारी मंडळाची आज्ञा झाली. मी जन्मभर शाळामास्तर. तेव्हा कोरडा उपदेश करण्यापेक्षा एक चरित्र सांगावे, हे बरे.

युद्धाने खेळाडूंचे डाव अर्ध्यावर मोडल्याची उदाहरणे जगात पुष्कळ आहेत. वॉल्टर टल हा इंग्लंडमधील कृष्णवर्णीय व्यावसायिक फुटबॉलपटू. अनाथालयात वाढलेला हा मुलगा टॉटनहॅम व नॉर्थॅम्प्टन या नामांकित संघांतून खेळला. १९१४ साली सैन्यात दाखल झाला. स्वतःच्या गुणांवर अधिकारपदास चढला आणि २५ मार्च १९१८ रोजी फ्रान्सच्या भूमीवर धारातीर्थी पडला. त्याचा देहही हाती लागला नाही.

आपल्या महाराष्ट्रात याहून निराळे चरित्र घडले. सांगली जिल्ह्यातील पेठ-इस्लामपूर भागात १९४४ साली जन्मलेले श्री. मुरलीकांत पेटकर लहान वयातच सैन्यात गेले आणि तेथे मुष्टियोद्धा म्हणून नावारूपास आले. १९६५ च्या भारत-पाक युद्धात त्यांना अनेक गोळ्या लागल्या. एक गोळी पाठीच्या कण्याशी रुतून बसली आणि कमरेखालचे शरीर लुळे पडले. ज्या पायांवर मुष्टियोद्ध्याचा सारा खेळ उभा असतो, तेच पाय विशीत गेले. मुंबईच्या नौदल रुग्णालयात उपचार चालू असता व्यायाम म्हणून त्यांना पाण्यात उतरविण्यात आले.

पाण्याचा गुण आपणा खानदेशवासीयांस सांगावयास नको. पाठीला भोपळा बांधून विहिरीत किंवा तापी-गिरणेच्या डोहात पोहावयास शिकलेली मंडळी येथे बसलीच आहेत. जमिनीवर जो भार पायांना पेलावा लागतो, तो पाणी आपल्या अंगावर घेते आणि दंडात बळ असेल तर माणूस पुढे जातो. पेटकरांच्या दंडांत मुष्टियोद्ध्याचे बळ शिल्लक होते.

जखमी सैनिकांस खेळाने उभारी द्यावी, ही कल्पना डॉ. लुडविग गुटमन यांची. दुसऱ्या महायुद्धात कण्याला इजा झालेल्या सैनिकांसाठी इंग्लंडमधील स्टोक मँडेव्हिल रुग्णालयात १९४८ साली त्यांनी स्पर्धा भरविल्या. त्यांतूनच पुढे पॅरालिंपिक स्पर्धा उदयास आल्या. १९७२ साली जर्मनीतील हायडेलबर्ग येथे भरलेल्या या स्पर्धेत पेटकरांनी ५० मीटर मुक्तशैली जलतरणाचे अंतर ३७.३३ सेकंदांत तोडून विश्वविक्रमासह सुवर्णपदक मिळविले. त्याच वर्षी म्युनिकच्या ऑलिंपिकमध्ये आपल्या देशाच्या वाट्यास हॉकीचे एक कांस्यपदक तेवढे आले होते. पॅरालिंपिकमधील पुढचे सुवर्ण भारतास मिळाले ते २००४ साली.

पेटकरांनी पुण्यास टेल्को कारखान्यात नोकरी करून संसार केला. राष्ट्राने त्यांस ‘पद्मश्री’ दिली ती २०१८ मध्ये, म्हणजे ४६ वर्षांनी! जीवनगौरवाचा अर्जुन पुरस्कार त्यांनी २०२५ च्या जानेवारीत स्वीकारला. तेव्हा वयाची ऐंशी वर्षे उलटली होती. मधल्या काळात आपल्या पाठ्यपुस्तकांतून हे नाव किती मुलांच्या कानी गेले असेल?

आता थोडे कटू बोलतो, क्षमा असावी. शासनाने विसरावे आणि आपण शासनास बोल लावावा, हे सोपे आहे. परंतु आपल्या घरांत काय चालते? पाहुणे सोयरिकीस आले की अपंग मुलास मागल्या खोलीत बसविण्यात येते. थोरल्या बहिणीचे लग्न अडेल, हे भय. शिक्षक म्हणून जळगाव-धुळ्याच्या खेड्यांत हिंडताना मी अशी दारे लोटलेली पाहिली आहेत. आईबाप दुष्ट नसतात. ते आपणा सर्वांना भितात! म्हणून हे भय घालविणे एकट्या कुटुंबाच्या हाती नाही, ते ज्ञातीच्या हाती आहे.

२०१६ च्या कायद्याने चाळीस टक्के वा अधिक अपंगत्व असलेल्या मुलास सहा ते अठरा वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क दिला आहे. उच्च शिक्षणात किमान पाच टक्के आणि सरकारी नोकरीत किमान चार टक्के जागा राखल्या आहेत. परंतु जे मूल उंबऱ्याबाहेर येत नाही, त्याचा दाखला कोण काढणार?

माझ्या तीन विनंत्या आहेत. मंडळाने प्रत्येक गावी एक कार्यकर्ता नेमून अशा मुलांचे दाखले काढून द्यावेत. सत्काराच्या यादीत त्यांची नावे दयेपोटी निराळी न काढता इतरांच्या बरोबरीने छापावीत. तिसरी विनंती अगदी लहान आहे. या व्यासपीठास पाच पायऱ्या आहेत. पुढील वर्षी त्यांच्या कडेला लाकडी उतरण करावी. त्या खर्चाचा पहिला वाटा मी आजच खजिनदारांकडे देत आहे.