एका पत्तेबहाद्दराची कारकीर्द

जुगारावर पोट भरणारा मनुष्य म्हटला कीं सुशिक्षित घरांतून नाक मुरडलें जातें, आणि तें अकारण नाहीं. परंतु पोकर या अमेरिकन खेळाची गोष्ट सोरटीहून किंवा घोड्यांच्या शर्यतीहून थोडी निराळी आहे. येथें खेळणारा जुगारगृहाच्या मालकाशीं झुंजत नाहीं. तो समोर बसलेल्या दुसऱ्या खेळाडूंशीं झुंजतो, आणि मालक जागेचें भाडें किंवा डावांतील अल्पसा हिस्सा घेऊन बाजूस राहतो. त्यामुळें जो इतरांहून चतुर, त्याची मिळकत वर्षाकांठीं शिलकी राहूं शकते. म्हणूनच वकिली किंवा व्यापार करावा तसा हा खेळ धंदा म्हणून करणारीं माणसें अमेरिकेंत निर्माण झालीं. त्या सर्वांत तल्लख म्हणून ज्याचें नांव घेतलें जातें, तो स्टू अंगर मात्र मरतेवेळीं जवळजवळ कफल्लक होता.

अंगरचा जन्म ८ सप्टेंबर १९५३ रोजीं न्यूयॉर्कमध्यें झाला. बापाचें मद्यगृह होतें आणि तेथें पैजांचा व्यवहारही चाले. तेव्हां बाळकडू कोणतें मिळालें हें सांगावयास नको. शाळा अर्ध्यावर सुटली, बापही लवकर वारला, आणि हा मुलगा जिन रमी खेळूं लागला. जिन रमी म्हणजे आपल्या परिचित रमीचीच सख्खी बहीण, पण मुख्यतः दोघांत खेळावयाची. प्रतिस्पर्ध्यानें काय उचललें आणि काय टाकलें हें सर्व ध्यानांत ठेवून त्याच्या हातीं कोणतीं पानें उरलीं आहेत याचा अंगर असा अंदाज बांधी कीं, पुढें पुढें त्याच्याशीं पैसे लावून बसण्यास कोणी धजेना. ज्याच्याशीं कोणी खेळतच नाहीं त्याच्या नैपुण्याचा उपयोग काय? अशा रीतीनें गिऱ्हाईक शोधीत तो मायामीस आणि तेथून लास व्हेगासला आला, आणि पोकरकडे वळला.

लास व्हेगासमध्यें बिनियन यांच्या हॉर्सशू जुगारगृहांत १९७० पासून पोकरची जागतिक स्पर्धा भरत असे. तिच्या मुख्य सामन्याची प्रवेश फी दहा हजार डॉलर. खेळ होल्डेम या प्रकारचा : प्रत्येकास दोन पानें पालथीं वांटावयाचीं, मग मध्यभागीं प्रथम तीन, नंतर एक, नंतर आणखी एक अशीं पांच पानें उघडावयाचीं, आणि सातांतून उत्तम पांचांचा मेळ घालावयाचा. दर टप्प्यास पैज असते, आणि हवें तेव्हां जवळचें सर्व द्रव्य पुढें लोटण्याची मुभा असते. हातीं कांहीं नसतांना मोठी पैज लावून समोरच्यास पळवून लावणें, आणि समोरचा तसेंच करीत असेल तर तें ओळखणें, यांत खरी कसोटी. अंगर दोन्हींत निष्णात होता. आणि या प्रकाराशीं त्याची ओळख तर अगदीं नवी!

१९८० सालीं ७३ स्पर्धकांतून शेवटीं दोघे उरले : सव्वीस वर्षांचा अंगर आणि दोनदां विजेता ठरलेला टेक्ससचा मुरब्बी डॉइल ब्रन्सन. ब्रन्सनच्या हातीं एक्का आणि सत्ती. मेजावर एक्का, सत्ती, दुर्री. अंगरपाशीं नुसती पंजी-चव्वी. त्यास तिर्रीच हवी होती, आणि तिर्रीच निघाली. एक्क्यापासून पंजीपर्यंत क्रम जुळला आणि ब्रन्सनचें सर्वस्व गेलें. तिर्री दैवानें दिली हें खरें. पण ती आल्यास ब्रन्सन दोन जोड्यांच्या भरंवशावर हटणार नाहीं, ही अटकळ दैवाची नव्हती. पुढील वर्षीं, १९८१ मध्यें, अंगरनें तीच स्पर्धा पुन्हां जिंकली.

पण पोकरच्या मेजावर मिळालेला पैसा तो घोड्यांवर, गोल्फवर आणि खेळांच्या सामन्यांवर लावी, जेथें त्याचें कसब कवडीमोल होतें. पोकरला धंदा मानणारे लोक भांडवल म्हणून एक रक्कम निराळी राखतात आणि एका बैठकींत तिचा लहानसाच भाग धोक्यांत घालतात. अंगरला हें कधींच जमलें नाहीं. हरलेल्या पैशाबद्दल तो हळहळत नसे, हा गुण मेजावर त्याला निर्भय करी. तोच मेजाबाहेर त्याचा घात करी. त्यांत कोकेनचें व्यसन जडलें. १९९० च्या स्पर्धेंत तो आघाडीवर असतांना तिसऱ्या दिवशीं आलाच नाहीं. हॉटेलच्या खोलींत तो बेशुद्ध आढळला. तरी त्याच्या रिकाम्या खुर्चीसमोरील चकत्यांची रास एवढी मोठी होती कीं, सक्तीच्या पैजांत ती झिजत जाऊनही त्याचा नववा क्रमांक लागला.

१९९७ सालीं प्रवेश फी भरण्यासही त्याच्यापाशीं पैसे नव्हते. बिली बॅक्स्टर या जुन्या स्नेह्यानें निम्म्या वांट्याच्या करारावर ती अगदीं ऐन वेळीं भरली. खिशांत मुलीचें छायाचित्र आणि व्यसनानें विद्रूप झालेलें नाक झांकण्यास डोळ्यांवर निळ्या कांचांचा गोल चष्मा, अशा थाटांत तो ३१२ जणांत बसला आणि अखेरपर्यंत टिकला. निर्णायक डावांत त्याच्या एक्का-चव्वीवर प्रतिस्पर्ध्याचा एक्का-अठ्ठीचा हात सरस होता; शेवटचें पान दुर्री आलें, आणि सतरा वर्षांपूर्वींचाच, एक्क्यापासून पंजीपर्यंतचा क्रम पुन्हां जुळला. बक्षीस दहा लक्ष डॉलर. निम्मे बॅक्स्टरचे, उरलेले कांहीं महिन्यांत संपले.

पुढील वर्षीं बॅक्स्टरनें पुन्हां पैसे भरले. खेळ सुरू होण्यास थोडाच अवकाश असतां अंगरनें आपण थकलों आहोंत, बसूं शकत नाहीं, असें कळविलें. त्याच वर्षीं, २२ नोव्हेंबर १९९८ रोजीं, लास व्हेगासमधील एका स्वस्त मोटेलच्या खोलींत तो मृतावस्थेंत आढळला. वय पंचेचाळीस. व्यसनानें हृदय निकामी झालें होतें. त्यानें ज्याला हरविलें तो ब्रन्सन उतारवयांतही मोठ्या पैजांच्या मेजावर बसत असे. तो २०२३ मध्यें, एकोणनव्वदाव्या वर्षीं वारला.

अंगरजवळ सुमारें आठशें डॉलर सांपडले. अंत्यविधीचा खर्च मित्रांनीं वर्गणी जमवून भागविला.