आवाज मराठी, बोली हिंदी



पंढरपुरात आमच्या शेजारी एकदा टीव्हीवर हिंदीतला ‘द लायन किंग’ लागला होता. धाकट्या भावानं राजाला दरीत लोटलं, पुतण्याला परागंदा केलं आणि गादी बळकावली. आजी उसळल्या, ‘मेला, कंसाच्या वरताण निघाला!’

हाच सिनेमा इंग्रजीत असता तर खालची धावती अक्षरं आजींच्या चष्म्याला झेपली नसती, आणि नातवाला अजून जोडाक्षरं येत नाहीत. डबिंगमुळे दोघांची नजर चित्रावर राहते.

डबिंगचं लिखाण मात्र भलतं किचकट. प, ब, म म्हणताना ओठ मिटतात. पडद्यावर ओठ मिटलेले आणि कानावर ‘आ’ आला, की सोंग उघडं पडतं. माणसाच्या बाबतीत हे लगेच खटकतं. वाघ-अस्वलांच्या तोंडी पुष्कळ खपून जातं. घरादारानं बघायचे सिनेमे बरेचदा प्राण्यांचे नाहीतर कार्टूनचे, त्यामुळे ते डबिंगला सोयीचे.

‘ज्युरासिक पार्क’ 1994 साली हिंदीत आला, चालला आणि वाट मोकळी झाली. 2019 चा ‘लायन किंग’ आपल्या थिएटरांत इंग्रजी, हिंदी, तमिळ आणि तेलुगूत लागला. तमिळमध्ये त्या दुष्ट काकाला, म्हणजे स्कारला, आवाज अरविंद स्वामीचा, पुतण्या सिम्बाला सिद्धार्थचा. त्याच वर्षी ‘फ्रोझन 2’मधली एल्सा श्रुती हासनच्या आवाजात तमिळ बोलली. मदुराईच्या आजीला परका सिंहसुद्धा ओळखीचा वाटणारच!

आणि आपण? हिंदी ‘जंगल बुक’चा शेरखान म्हणजे नाना पाटेकर, आधी दूरदर्शनवर, मग 2016 च्या सिनेमात. हिंदी ‘लायन किंग’चा टिमॉन श्रेयस तळपदे. गळे आपले, बोली हिंदी. मराठी माणसाला हिंदी कळतं, मग वेगळा खर्च कशाला, असा धंद्याचा हिशेब असावा. पण आजींना हिंदीतली गोष्ट कळते, विनोद निसटतो. पोरं हसून मोकळी झाली, की त्या विचारतात, ‘काय म्हणला रे?’

इथं कीर्तनकार एकटा उभा राहून राम, रावण, मंथरा सगळ्यांना मराठीत बोलतं करतो. कुणाला अवघडल्यासारखं होत नाही. मग ‘लायन किंग’मधल्या पुम्बा या रानडुकरानं मराठी बोलायला काय हरकत आहे? टिमॉन-पुम्बाला खुशाल सोलापूरकडची बोली द्यावी. स्कारला मात्र भारदस्त आवाजाचा नट हवा, तिथं काटकसर नको.