ठोका घरचा, दाद परगावची

(नभोवाणीवर झालेल्या भाषणाचा संपादित भाग)



परक्या शब्दांचं मराठीनं काय करून टाकलंय, ते कधी कधी पाहण्यासारखं असतं. 'डॉल्बी' हे खरं तर एका माणसाचं आडनाव. ध्वनिमुद्रणातली खरखर कमी व्हावी म्हणून त्यानं १९६५ साली एक कंपनी काढली. आपल्याकडे मात्र मिरवणुकीत खिडकीची तावदानं थरथरवतो, तो डॉल्बी! गोंगाट कमी करणाऱ्याचं नाव आपण गोंगाटालाच देऊन टाकलं.

'डीजे'चंही तसंच झालं. जगात डीजे हा माणूस असतो. रात्रभर कोणतं गाणं कशानंतर लावायचं, हे ठरवणारा. आपल्याकडे ती वस्तू आहे. 'वरातीला डीजे सांगितलाय', 'आमच्या मंडळाचा डीजे मोठा', 'साहेब, आधी तो डीजे बंद करा'. ट्रकवर रचलेली स्पीकरची भिंत म्हणजे डीजे. या भिंतीमागे एखादा माणूस असेल, त्यानं काही रचलं असेल, त्यासाठी रात्री जागवल्या असतील, असं आपल्या मनातही येत नाही. मला आज त्या माणसाविषयी बोलायचं आहे.

मी राहतो नाशिकच्या गंगापूर रोडवर. कॉलेजं, क्लासेस, दवाखाने, पुढे लग्नाची लॉन्स, आणखी पुढे सोमेश्वर, धरण आणि द्राक्षाचे मळे, असा हा रस्ता. लग्नसराईत आमच्याकडे झोप मुहूर्त पाहून येते. आवाजाचे नियम देशात २००० सालीच झाले. निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा, आणि ठरावीक दिवसांची सवलत सोडली तर रात्री दहानंतर ध्वनिवर्धक बंद. हे नियम पाळलेच पाहिजेत, त्यात मला कसलीही तडजोड मान्य नाही. पण भिंतीवरचा राग आपण भिंतीमागच्या माणसावर काढतो, आणि तिथं अन्याय होतो.

आमच्याच इमारतीत एक मुलगा आहे. इंजिनिअरिंग शिकतो. त्याच्या खोलीत ना पेटी, ना तबला. एक लॅपटॉप, कानाला हेडफोन. आईला वाटतं मुलगा अभ्यास करतोय, वडिलांना वाटतं गेम खेळतोय. तो संगीत तयार करत असतो. मी कवी आहे म्हणून असेल, एका संध्याकाळी त्यानं मला आपलं एक काम ऐकवलं आणि विचारलं, "काका, यात मराठी शब्द घातले तर लोक हसतील का?"

या एका प्रश्नाचं उत्तर देण्यासाठी मला थोडं फिरून यावं लागणार आहे. चला माझ्याबरोबर.

२०२४ साली 'तांबडी चामडी' नावाचं एक मराठी गाणं आलं. तरुण श्रोत्यांनी ते नक्की ऐकलं असेल, वडीलधाऱ्यांनी नातवंडांच्या मोबाइलवर. कृणाल घोरपडे या तरुणानं, 'क्रेटेक्स' या नावानं, श्रेयस सागवेकरच्या साथीनं ते केलं. कुठल्या चित्रपटासाठी नाही, कुणा निर्मात्यानं मागितलं म्हणूनही नाही. गाण्याची चाल आहे 'हाऊस' नावाच्या परदेशी नृत्यसंगीताची आणि शब्द ठार मराठी. या प्रकाराला त्यानं नाव दिलं 'एम हाऊस'. एम म्हणजे मराठी. हे गाणं नेदरलँड्समधल्या 'स्पिनिन रेकॉर्ड्स' या कंपनीनं जगापुढे आणलं. इलेक्ट्रॉनिक नृत्यसंगीतातलं हे मोठं नाव. तिच्या यादीत मराठी शब्द पहिल्यांदाच गेले. मग रील्स झाल्या, लाखो लोक नाचले आणि वर्तमानपत्रांनी दखल घेतली.

आता 'हाऊस' म्हणजे काय? मिनिटाला साधारण १२० ते १३० असे एकसारखे घुमणारे ठोके. चार ठोक्यांचं एक आवर्तन. दुसऱ्या आणि चौथ्या ठोक्यावर टाळी, मधल्या फटींत झांजेसारखी बारीक किणकिण. त्यावर थर चढत जातात, उतरत जातात. अमेरिकेतल्या शिकागो शहरात, १९८०च्या सुमारास, कृष्णवर्णीय तरुणांच्या नाचघरात हे वाढलं. तिथल्या 'वेअरहाऊस' नावाच्या क्लबात फ्रँकी नकल्स रेकॉर्डी लावायचा. त्या क्लबच्या नावातूनच 'हाऊस' आलं असं मानतात. मोठ्या समाजानं दाराबाहेर ठेवलेल्या माणसांनी स्वतःसाठी उभं केलेलं हे घर आहे.

नाशिकच्या माणसाला यात परकं काय वाटावं? आपला ढोल तेच करतो. एका अंगाला टिपरू, दुसऱ्या अंगाला थाप, आणि शंभर माणसांची पावलं एका लयीत. आपल्या ढोलाची कीर्ती कुठवर गेली आहे ठाऊक आहे? केरळात उत्सवांत, मिरवणुकांत पथकं वाजतात ती 'नासिक ढोल' या नावानं. मल्याळी माणसाला आपलं गाव कदाचित नकाशात दाखवता येणार नाही, पण ठोक्यात ओळखता येतं.

मग प्रश्न पडतो, या संगीतात आपण इतके उशिरा का पोहोचलो? तर गंमत अशी, की आपण उशिरा पोहोचलोच नव्हतो. आपण फार लवकर पोहोचलो होतो.

मुंबईत चरणजितसिंग नावाचे एक वादक होते. हिंदी चित्रपटांच्या ध्वनिमुद्रणात वाजवणारे, पडद्यावर नाव न येणाऱ्यांपैकी एक. त्यांनी जपानच्या रोलँड कंपनीची तीन नवी यंत्रं मिळवली. एक ताल देणारं, एक खर्जातले स्वर देणारं आणि एक सिंथेसायझर. भैरवी, ललत, तोडी, यमन, मालकंस असे दहा राग त्यांनी या यंत्रांवर, डिस्कोच्या ठेक्यात बांधले. १९८२ साली त्याची तबकडी निघाली. ती खपली नाही. राग ऐकणाऱ्यांना ठेका नको होता, ठेक्यावर नाचणाऱ्यांना राग नको होते.

त्या खर्जाच्या यंत्राची गोष्ट पुढे ऐका. कंपनीनं ते बास गिटारवाल्याची जागा घेईल म्हणून काढलं होतं. ते काही जमलं नाही, आणि १९८४मध्ये उत्पादनही थांबलं. मग शिकागोच्या पोरांनी ती यंत्रं जुन्या बाजारात स्वस्तात उचलली आणि १९८७ साली त्यातून 'ॲसिड हाऊस' नावाचा प्रकार जन्माला घातला. साऱ्या युरोपला त्यानं वेड लावलं. तेच यंत्र, जवळजवळ तोच नाद, मुंबईत पाच वर्षं आधी वाजून गेला होता आणि कुणाला पत्ता नव्हता. नेदरलँड्सच्या एका संग्राहकाच्या हाती ती जुनी तबकडी लागली. त्यानं मुंबईत येऊन चरणजितसिंगांना शोधून काढलं. २०१० साली तबकडी पुन्हा निघाली, तब्बल २८ वर्षांनी. मग सत्तरी ओलांडलेला हा माणूस युरोपात कार्यक्रम करून आला. २०१५च्या जुलैमध्ये ते मुंबईत वारले.

श्रोतेहो, या दोन गोष्टी शेजारी ठेवून पाहा. १९८२ आणि २०२४. मधल्या काळात काय बदललं? यंत्र स्वस्त झालं. तीन यंत्रांचं काम आता एका लॅपटॉपमध्ये होतं. तबकडी कंपनीनंच काढली पाहिजे, ही अट गेली. घरी केलेलं गाणं थोड्याशा पैशांत साऱ्या जगातल्या ॲप्सवर जातं. न्यूक्लिया या नावानं ओळखल्या जाणाऱ्या उद्यान सागरनं २०१५ साली, गणपतीच्या दिवसांत, आपला 'बास रानी' हा अल्बम चक्क फुकट देऊन टाकला आणि त्यातूनच आपला श्रोता उभा केला. रस्त्यावरच्या बँडचा, ताशाचा नाद त्यानं लाज न बाळगता आपल्या संगीतात घेतला होता.

इतकं सगळं बदललं. एक गोष्ट मात्र बदलली नाही. १९८२च्या माणसाला दाद मिळाली ती नेदरलँड्समधून, आणि २०२४च्या मुलांवर मोहोर उमटली तीही नेदरलँड्सचीच. आपल्या अंगणात वाजलेला ठोका समुद्रापलीकडून परत आला, की मग आपण म्हणतो, 'अरे, हा तर आपला!'

मला हे अधिक लागतं, याचं कारण सांगतो. मी मुसलमान आहे आणि मराठीत कविता लिहितो. घरात दखनी बोललो, शाळेत मराठी शिकलो आणि कविता आली ती मराठीतून. यात मला काही विशेष वाटत नाही. शेख महंमदांपासून अमर शेखांपर्यंत मोठी वाट आधीच मळलेली आहे. तरी एका गावच्या कविसंमेलनात माझी ओळख करून देताना सूत्रसंचालक म्हणाले, "हे मुस्लिम असूनही मराठीत लिहितात." माणूस चांगला होता, हेतूही चांगला होता. पण तो 'असूनही' माझ्या कवितेच्या आधी व्यासपीठावर जाऊन बसला. त्या मुलाचा प्रश्न मी ऐकला, तेव्हा मला तोच 'असूनही' ऐकू आला. 'क्लबातलं गाणं असूनही मराठी', 'मराठी असूनही क्लबातलं'. आपल्याच भाषेत आपलंच काम करताना माणसाला आधी परवानगी मागावीशी वाटते, ही साधी गोष्ट नाही.

दुसरीकडे काय होतं पाहा. ऑस्ट्रेलियात सिडनीजवळ हार्ली स्ट्रेटन नावाचा एक मुलगा होता. तेरा वर्षांचा असताना सकाळच्या न्याहारीच्या पाकिटात त्याला संगीत जुळवण्याची एक सीडी भेट मिळाली. तो खेळ पुढे सुटलाच नाही. 'फ्लूम' या नावानं त्याचा पहिला अल्बम २०१२ साली आला, तोही सिडनीतल्याच एका छोट्या स्वतंत्र कंपनीकडून. २०१७मध्ये त्याला ग्रॅमी मिळालं. पाकिटातल्या सीडीची गोष्ट सगळे सांगतात. मला महत्त्वाची वाटते ती दुसरी. ऑस्ट्रेलियात 'ट्रिपल जे' नावाची, लोकांच्या पैशावर चालणारी तरुणांची रेडिओ वाहिनी आहे. ज्यांच्यामागे कुणी कंपनी नाही अशा देशातल्याच कलाकारांना हुडकून काढायचा उपक्रम ती १९९५पासून चालवते. वर्षातलं सर्वांत आवडतं गाणं तिचे श्रोते मतं देऊन ठरवतात, आणि २०१६ साली त्यांनी पहिला क्रमांक दिला तो याच मुलाच्या गाण्याला. म्हणजे तो जगभर गेला, पण घरच्यांनी आपलं मत राखून ठेवलं नव्हतं.

हे मी रेडिओवरूनच बोलतो आहे, म्हणून धीर करून म्हणतो, आपल्या नभोवाणीनं हे का करू नये? शेतीविषयक कार्यक्रम आहेत, युवावाणीची मोठी परंपरा आहे. आठवड्यातला अर्धा तास महाराष्ट्रातल्या अशा घरी संगीत करणाऱ्या मुलामुलींना द्यावा. अहिराणीत करा, कोकणीत करा, दखनीत करा. चांगलं असेल ते टिकेल.

'स्वतंत्र कलाकार' हा शब्द ऐकायला रुबाबदार आहे. कवींना त्याचा जुना अर्थ माहीत आहे, 'स्वखर्चानं'. आम्ही पदरमोड करून संग्रह काढतो आणि तीनशे प्रती पलंगाखाली ठेवतो. या मुलांचा पलंग ॲपमध्ये आहे, इतकाच फरक. एका ऐकण्याचे त्यांना पैशांत मोजावेत इतके पैसेही नीट मिळत नाहीत. स्पॉटिफायनं तर २०२४पासून नियमच केला, की बारा महिन्यांत हजार वेळा ऐकलं गेलं नाही, तर त्या गाण्याच्या ध्वनिमुद्रणाचं मानधन नाही. दार सगळ्यांना उघडं झालं हे खरं, पण आत इतकी गर्दी आहे, की कुणीतरी हाक मारल्याशिवाय पुढे जाता येत नाही. ती हाक पहिल्यांदा घरातून यावी, एवढंच माझं मागणं आहे.

आणि मुलांनाही एक सांगणं आहे. परवानगी लागत नाही म्हणून मेहनत टळत नाही. चरणजितसिंगांच्या बोटांत आधी राग होते, मग यंत्र आलं. शब्द घ्यायचे तर आजीच्या तोंडचे घ्या, बाजारातले घ्या, पण चवीनं घ्या. आणि आवाज मोठा करून गाणं मोठं होत नाही. शेजारच्या आजाऱ्याची झोप मोडणारं संगीत कितीही स्वतंत्र असो, ते दुसऱ्याचं स्वातंत्र्य खाऊनच उभं राहतं.

त्या मुलाला मी म्हणालो, "हसतील. आधी थोडे हसतील. तू शब्द घाल." पुढचं काम श्रोत्यांचं आहे. तुमच्या घरात, वाड्यात, इमारतीत हेडफोन लावून बसलेलं एखादं पोर असेलच. या रविवारी त्याला म्हणा, काय करतोस ते ऐकव. आवडलं नाही तर तसं सांगा, पण ऐकून सांगा. नेदरलँड्सनं नंतर ऐकलं, तर तो आनंद वेगळा. पण आपला ठोका आधी आपल्या कानावर पडू दे.