आग नसताना यायची जागा

(स्नेहमेळाव्याच्या दुपारच्या सत्रात केलेले भाषण)



संयोजकांनी मला दहा मिनिटं दिली आहेत आणि "नोकरीतले थरारक प्रसंग सांग" अशी फर्माईश केली आहे. चौतीस वर्षं मी मुंबईजवळच्या एका महानगरपालिकेच्या अग्निशमन दलात काढली. थरारक प्रसंग पुष्कळ आहेत, ते रात्री जेवणं झाल्यावर मैदानात बसून सांगेन. इथे मला वेगळं बोलायचं आहे. आग लागलेली नसताना अग्निशमन दलाकडे काय मागता येतं आणि ते कसं मागायचं, हे आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक असतं.

आपल्या लहानपणी घरात एक बंब असे, आंघोळीचं पाणी तापवायचा, तांब्याचा. दुसरा बंब रस्त्याने घंटा वाजवत जाई. दोन्हींपासून लांब राहायचं, असं आईने बजावलेलं. मला वाटतं तो धाक अजून गेलेला नाही. साठीची माणसं केंद्राच्या फाटकाशी घुटमळताना मी पाहिली आहेत. मग हळूच विचारतात, "साहेब, आग वगैरे नाही लागलेली, तरी आत आलो तर चालेल का?" मी म्हणायचो, "काका, तेव्हाच या. आग लागल्यावर आम्हाला तुमच्याकडे यावं लागतं, तेव्हा बोलायला वेळ नसतो."

आधी फोनचं बोलू. १०१ हा नंबर सगळ्यांना पाठ आहे. तो कधी फिरवायचा, याची कसोटी एकच: आत्ता, या क्षणी कोणाच्या जिवाला धोका आहे का? असेल, किंवा नुसती शंका असेल, तरी १०१ किंवा ११२ लावा. दाराला लॅच लागलं, दोन वर्षांचा नातू आत आणि गॅसवर दूध ठेवलेलं. इथे आग नाही म्हणून संकोच करू नका, लगेच फोन करा. गॅस सिलिंडरमधून वास येत असेल तर आधी रेग्युलेटर बंद करा, दारं-खिडक्या उघडा, विजेच्या कुठल्याही बटणाला हात लावू नका आणि घराबाहेर येऊन १९०६ या गॅसगळतीच्या नंबरवर कळवा. वास वाढत असेल किंवा ज्योत दिसली तर मात्र थेट १०१.

पण मंडपाची परवानगी कुठे मिळते, दाखल्याला काय कागद लागतात, हे विचारायला १०१ नाही. तेवढा वेळ ती लाइन अडते. प्रत्येक अग्निशमन केंद्राचा साधा दूरध्वनी असतो. आज घरी गेल्यावर पालिकेच्या संकेतस्थळावरून आपल्या जवळच्या केंद्राचा नंबर काढा आणि फ्रीजवर चिकटवा. त्याहून चांगलं म्हणजे एकदा चालत जाऊन या. केंद्र नेमकं कुठे आहे आणि गाडी तुमच्या घरी कुठल्या रस्त्याने येईल, हेही त्या निमित्ताने कळेल.

आता काय मागता येतं ते सांगतो. सोसायटीत, शाळेत, कार्यालयात प्रात्यक्षिक मागता येतं. अग्निशामक नळकांड्याची पिन काढून प्रत्यक्ष आगीवर फवारा मारून पाहिलेला माणूस आणि नुसतं भिंतीवर लटकलेलं नळकांडं पाहिलेला माणूस, यांत फार फरक पडतो. घरगुती आकाराचं नळकांडं अर्ध्या मिनिटाच्या आत रिकामं होतं. त्यावरच्या सूचना वाचायला तेव्हा सवड नसते. घर किंवा दुकान जळलं तर विम्यासाठी आगीचा अहवाल मागता येतो. गणपतीचा मंडप, मोठा कार्यक्रम यांसाठी ना हरकत दाखला असतो. ठरलेलं शुल्क भरून कार्यक्रमाच्या ठिकाणी गाडी आणि जवान उभे ठेवता येतात.

अर्ज साधा असतो. मुख्य अग्निशमन अधिकाऱ्यांच्या नावाने, पत्ता, मजले, काय हवं आणि कोणत्या तारखेला, एवढं लिहा. दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. पैसे भरले तर पालिकेची पावती घ्या, पावतीशिवाय कोणालाही काही देऊ नका. अग्निशमनाचा ना हरकत दाखला महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली अधिसूचित सेवांमध्ये येतो. म्हणजे त्याला मुदत आहे आणि मुदत टळली तर अपील करता येतं. हे मी अधिकारी असतानाही लोकांना सांगत होतो, त्यामुळे काही सहकारी माझ्यावर रुसायचे.

एक गोष्ट मात्र आमच्याकडे मागू नका. सोसायटीची यंत्रणा चालू ठेवण्याचं काम दलाचं नाही. महाराष्ट्र आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियम, २००६ नुसार ती जबाबदारी मालकाची किंवा भोगवटादाराची आहे. ज्या इमारतींना हा कायदा लागू आहे, त्यांनी परवानाधारक संस्थेकडून यंत्रणा तपासून घेऊन दर वर्षी जानेवारीत आणि जुलैत 'ब' नमुन्यातलं प्रमाणपत्र द्यायचं असतं. इथे बसलेल्यांपैकी निम्मे तरी आपापल्या सोसायटीच्या कमिटीवर असतील. फाइलमध्ये तो कागद आहे का पाहा. असला, तर तेवढ्यावर थांबू नका. तपासणीला माणूस येईल तेव्हा त्याच्याबरोबर गच्चीपर्यंत जा आणि पंप चालू करून पाइपमधून पाणी काढून दाखवायला सांगा. पाणी आलं, तरच त्या कागदाला अर्थ आहे. आणि खाकी कपडे घालून "फायर ब्रिगेडकडून आलोय, नळकांडी बदलायची आहेत" असं सांगणारा कोणी दारात आला, तर ओळखपत्र मागा आणि केंद्राच्या त्या साध्या नंबरवर विचारून खात्री करा. दल दारोदार नळकांडी विकत नाही.

थरारक नसलेला एक प्रसंग सांगतो. एका बारा मजली सोसायटीच्या सचिव बाई एका दुपारी केंद्रावर आल्या. म्हणाल्या, "आमच्याकडे पार्किंगवरून रोज भांडणं होतात. तुमची गाडी आत येते का, एवढं येऊन बघाल?" आम्ही गाडी नेली. फाटकातून आत गेली, पण इमारतीला वळसा घालताना कोपऱ्यातल्या फुलझाडांच्या कट्ट्यापाशी आणि दोन मोटारींपाशी अडकली. सगळे रहिवासी गॅलरीतून बघत होते. चालकाने गाडी मागे घेतली आणि पुन्हा पुढे आणली, ती परत अडकली. त्या दिवशी बाईंना सभेत एक शब्दही बोलावा लागला नाही. कट्टा काढला, मोटारी हलल्या, जमिनीवर पिवळे पट्टे मारले. दीड वर्षाने त्या इमारतीच्या मीटरच्या खोलीत पहाटे तीनला आग लागली. जिना धुराने भरला होता. आमची गाडी न थांबता मागच्या बाजूला गेली आणि तिथून शिडी लावून तिसऱ्या मजल्यावरची दोन म्हातारी माणसं खाली आणली. वर्तमानपत्रांनी आमच्या जवानांचं कौतुक केलं, ते योग्यच होतं. पण मी त्या बाईंना फोन करून सांगितलं, की ही सुटका तुम्ही त्या दुपारी केलीत.

आता आपल्या शाळेविषयी. आपल्या तुकडीने वर्गणी काढून प्रवेशद्वारावर कमान बांधायचं ठरवलं आहे. मीही माझा वाटा दिला आहे आणि कमान व्हावी, असं मलाही वाटतं. सकाळी मी टेप घेऊन फाटक मोजलं. ते साडेतीन मीटर भरतं. राष्ट्रीय इमारत संहिता उंच इमारतींच्या आवाराचं प्रवेशद्वार किमान ६ मीटर मागते. आपली शाळा उंच इमारत नाही, हे मला मान्य. पण बंबाची रुंदी शाळेची उंची पाहून कमी होत नाही. याच फाटकावर आपण दोन खांब आणि दगडी कमान उभी केली, तर आपली नावं कोरलेला तो दगडच गाडीच्या वाटेत येईल.

१६ जुलै २००४ ला तामिळनाडूत कुंभकोणमच्या शाळेत आग लागली. स्वयंपाकाच्या जागेतून ती गवताच्या छपरापर्यंत पोहोचली आणि ९४ मुलं गेली. आपल्या शाळेचं छप्पर सिमेंटचं आहे, पण पोषण आहाराची शेगडी जिन्याखाली आहे आणि वरच्या वर्गांना तो एकच जिना आहे. सकाळी मुख्याध्यापक सरांनी मला सगळं मोकळेपणाने दाखवलं. काहीही झाकलं नाही, म्हणूनच इथे बोलायचं धाडस करतो आहे.

तेव्हा माझं मागणं एवढंच आहे. कमानीचा आराखडा मंजूर करण्याआधी तो घेऊन आपण तिघे-चौघे इथल्या अग्निशमन केंद्रावर जाऊ. किती रुंद ठेवू, किती उंच ठेवू, शेगडी कुठे हलवू आणि दुसरा जिना कुठून काढता येईल, हे विचारू. पैसे कमी पडले तर कमान साधी करू, जिना आधी करू. आणि १४ एप्रिलला अग्निशमन सेवा दिन असतो. १९४४ साली मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकिन जहाजाच्या स्फोटात अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले, त्यांच्या स्मरणार्थ. त्या आठवड्यात दलाला शाळेत बोलावून मुलांची कवायत घेऊ. घंटा वाजली की ओळीने, न पळता, दप्तर न उचलता मैदानात. किती मिनिटं लागतात ते घड्याळ लावून बघू.

अर्जाचा मसुदा मी लिहून आणला आहे. त्यावर मुख्याध्यापक सरांची सही हवी, आणि खाली तुकडीच्या वतीने आपल्यापैकी कोणाचीही चालेल. चहाच्या टेबलापाशी ठेवतो.