संगणकातील खेळ आणि मुलांच्या कामाचे जतन
(केंद्रस्तरीय शिक्षण परिषदेतील भाषणाचा मजकूर)



शाळेतील संगणक एके दिवशी बंद पडतो. दुरुस्ती करणारा येतो, यंत्र तपासतो आणि फॉरमॅट करावे लागेल असे सांगतो. दुसऱ्या दिवशी संगणक नव्यासारखा चालू लागतो. पूर्वीचे सर्व खेळही त्यात पुन्हा भरलेले असतात. मुख्याध्यापक समाधानाने पावतीवर सही करतात. परंतु तासाला आलेली तिसरीतील एक मुलगी चित्रांचा खेळ उघडते आणि आपले चित्र शोधू लागते. आईबापांबरोबर ऊसतोडीला जाण्यापूर्वी तिने ते काढले होते. त्यात तिचे घर होते, दारातली शेळी होती. आता खेळ आहे, पण चित्र नाही. "बाई, माझं चित्र कुठं गेलं?" या प्रश्नाला बाईंपाशी उत्तर नसते.

असा प्रसंग कोणत्याही शाळेत घडू शकतो. त्यात कोणाची लबाडी नाही की हयगय नाही. खेळ कोठे राहतो आणि खेळताना मुलाने केलेले काम कोठे राहते, या दोन गोष्टी निरनिराळ्या आहेत एवढेच कोणाच्या ध्यानी आलेले नसते. आजच्या विवेचनाचा विषय तोच आहे.

शाळेच्या कपाटात कॅरमचा बोर्ड असतो. कोणी किती गुण मिळवले तो कागद मात्र वेगळा असतो. बोर्ड मोडला तर नवा आणता येतो. कागद हरवला तर तो डाव पुन्हा उभा करता येत नाही. संगणकातील खेळाचेही तसेच आहे. खेळ म्हणजे बोर्ड. तो पुन्हा मिळतो, बहुधा विनामूल्यही मिळतो. मुलाने जतन केलेले चित्र, गाठलेली पायरी, रचलेले घर हा तो कागद होय. तो जगात एकाच ठिकाणी असतो, आणि ते ठिकाण म्हणजे आपल्या शाळेचा संगणक.

प्रथम खेळाचे ठिकाण पाहू. विंडोज प्रणालीत बहुतेक खेळ सी ड्राइव्हवरील 'प्रोग्राम फाइल्स' या फोल्डरात बसतात. चौसष्ट बिटांच्या विंडोजवर याच नावाचा दुसराही एक फोल्डर असतो व त्याच्या नावापुढे कंसात 'एक्स ८६' असे लिहिलेले असते. बत्तीस बिटांचे खेळ त्यात जातात. नेमका फोल्डर पाहावयाचा असल्यास पडद्यावरील खेळाच्या चिन्हावर माउसचे उजवे बटण दाबावे व 'ओपन फाइल लोकेशन' निवडावे. स्टार्ट मेन्यूतून हेच केले तर प्रथम केवळ शॉर्टकट दिसतो. त्या शॉर्टकटवर हीच कृती पुन्हा करावी, म्हणजे मूळ फोल्डर उघडतो.

येथेच बहुतेकांची फसगत होते. शिक्षक हा फोल्डर पेन ड्राइव्हवर उतरवून घेतात आणि सारे सुरक्षित झाले असे समजतात. वस्तुतः त्यांनी बोर्ड उतरवला, कागद तेथेच राहिला. याचे कारण समजून घेण्याजोगे आहे. २००७ साली सर्वत्र आलेल्या विंडोज व्हिस्टापासून सामान्य वापरकर्त्याला 'प्रोग्राम फाइल्स'मध्ये लिहिण्याची मुभा राहिली नाही. कोणत्याही कार्यक्रमाने तेथे परस्पर फेरफार करू नयेत हा त्यामागील हेतू होय. म्हणून खेळ आपली नोंद 'युजर्स' या फोल्डरात, ज्या नावाने संगणक उघडला असेल त्या नावाच्या कप्प्यात ठेवतो. त्या कप्प्यातच 'ॲपडेटा' नावाचा फोल्डर असतो आणि तो मुद्दाम लपवलेला असतो. दिसत नाही म्हणून त्याची आठवण होत नाही, आणि आठवण होत नाही म्हणून तो फॉरमॅटमध्ये जातो.

हा फोल्डर उघडण्याची सोपी रीत अशी. कळफलकावरील विंडोजची कळ दाबून ठेवून 'आर' हे अक्षर दाबावे. लहानशी चौकट उघडेल. तीत प्रथम टक्क्याचे चिन्ह, मग ए-पी-पी-डी-ए-टी-ए ही इंग्रजी अक्षरे सलग, आणि शेवटी पुन्हा टक्क्याचे चिन्ह लिहून एंटर दाबावे. 'ॲपडेटा'मधील 'रोमिंग' हा भाग समोर येतो. त्याच्या शेजारी 'लोकल' आणि 'लोकललो' असे आणखी दोन भाग असतात.

आता एक प्रत्यक्ष उदाहरण घेऊ. 'टक्स पेंट' हा लहान मुलांसाठी केलेला चित्रांचा विनामूल्य कार्यक्रम आहे. बिल केंड्रिक यांनी तो २००२ साली आणला. त्यातील ब्रश आणि ठसे 'प्रोग्राम फाइल्स'मध्ये असतात. मुलांची चित्रे मात्र 'रोमिंग'मधील 'टक्सपेंट' फोल्डरात, 'सेव्हड' या नावाखाली साठतात. चित्र जतन करताना हा कार्यक्रम मुलाला नावही विचारत नाही आणि जागाही विचारत नाही. लहान मुलाचा गोंधळ होऊ नये हा त्यामागचा विचार योग्यच आहे. परंतु त्यामुळे चित्र कोठे गेले हे शिक्षकालाही कळत नाही.

'सेव्हड' उघडताच चौदा आकडी नावे दिसतात. ती पाहून गडबडून जाऊ नये. समजा, नाव २०२५१००९११२०३५ असे आहे. पहिले चार आकडे वर्षाचे, पुढचे दोन महिन्याचे, त्यापुढचे दोन तारखेचे, आणि उरलेले सहा तास, मिनिटे व सेकंद यांचे. म्हणजे हे चित्र ९ ऑक्टोबर २०२५ रोजी ११ वाजून २० मिनिटे ३५ सेकंदांनी प्रथम जतन झाले. संगणकात हे आकडे इंग्रजी अंकांत असतात एवढाच फरक. वेळापत्रक व हजेरीपट शेजारी ठेवले की त्या वेळी कोणता वर्ग संगणकावर होता हे कळते. मात्र याकरिता संगणकाचे घड्याळ बरोबर हवे. जुन्या यंत्रातील नाण्याएवढी बॅटरी संपली की घड्याळ मागे जाते आणि सर्व चित्रांवर भलत्याच तारखा पडतात. ही बॅटरी स्वल्प किमतीत बदलता येते.

सर्वच खेळ एका शिस्तीने वागत नाहीत. काही खेळ आपली नोंद 'डॉक्युमेंट्स'मधील 'माय गेम्स' फोल्डरात ठेवतात, काही 'सेव्हड गेम्स'मध्ये. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत मुलांनी रचलेली गावे 'रोमिंग'मधील टिंबाने सुरू होणाऱ्या 'माइनक्राफ्ट' फोल्डरात, 'सेव्ह्ज' या नावाखाली मिळतात. फार जुना खेळ स्वतःच्याच फोल्डरात लिहू पाहतो, तेव्हा विंडोज ती नोंद गुपचूप 'लोकल'मधील 'व्हर्च्युअलस्टोअर'कडे वळवू शकते. ठिकाण मुळीच सापडत नसेल तर खेळात काहीतरी नवे जतन करावे व खेळ बंद करून या जागा पाहाव्यात. फायली बदलाच्या तारखेनुसार लावल्या की नुकतीच लिहिलेली फाइल वर येते. ती ज्या फोल्डरात आहे तोच आपण शोधत असलेला फोल्डर असण्याचा संभव अधिक.

लिनक्सवर चालणाऱ्या संगणकांत टक्स पेंटची चित्रे वापरकर्त्याच्या 'होम' फोल्डरात, टिंबाने सुरू होणाऱ्या 'टक्सपेंट' फोल्डरातील 'सेव्हड'मध्ये असतात. नावाच्या आरंभी टिंब असलेला फोल्डर लिनक्समध्ये दिसत नाही. बहुतेक ठिकाणी कंट्रोल आणि 'एच' या कळा एकत्र दाबल्या की तो प्रकट होतो. अँड्रॉइड टॅबवर तर विशेष सावधगिरी हवी. तेथे ॲप काढून टाकले की त्याच्या अंतर्गत साठ्यातील नोंदही त्याबरोबर पुसली जाते. म्हणून 'ॲप बिघडले, काढून पुन्हा टाकू' असे घाईने करू नये.

चित्र दिसत नाही म्हणजे ते नष्टच झाले असे मात्र नव्हे. दुरुस्ती करणाऱ्याने नव्या नावाचे खाते उघडून दिले असेल, तर जुन्या खात्याच्या कप्प्यात सर्व चित्रे तशीच पडून असतात. खेळ केवळ नव्या, रिकाम्या कप्प्यात पाहत असतो. तसेच डिस्क न पुसता विंडोज पुन्हा भरली असेल, तर सी ड्राइव्हवर 'विंडोज डॉट ओल्ड' नावाचा फोल्डर राहतो व त्यातील 'युजर्स'मध्ये जुने कप्पे मिळतात. तो काही दिवसांनी आपोआप पुसला जातो. तेव्हा शोध त्वरित घ्यावा.

विंडोज १० चा नियमित आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. त्यामुळे जुनी यंत्रे बदलण्याचा किंवा त्यांत नवी प्रणाली भरण्याचा प्रश्न शाळांपुढे येणे स्वाभाविक आहे. यास्तव यंत्र दुरुस्तीस देण्यापूर्वी पुढील क्रम पाळावा. प्रथम खेळ बंद करावा. मग नोंदीचा संपूर्ण फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी करावा. कट करू नये. त्याला शाळेचे नाव, इयत्ता व दिनांक द्यावा. एक प्रत दुसऱ्या ठिकाणीही ठेवावी. पेन ड्राइव्हवरील दोनचार चित्रे उघडून खात्री करून घ्यावी, कारण न तपासलेली प्रत ही केवळ समजूत असते. नव्या यंत्रावर खेळ भरल्यानंतर तो एकदा उघडून बंद करावा, म्हणजे त्याचा कप्पा तयार होतो. मग जतन केलेल्या फायली त्या कप्प्यात परत ठेवाव्यात. फोल्डर कोठे आहे याची एक ओळ संगणकाच्या जडसंग्रह नोंदवहीतील नोंदीपाशी लिहून ठेवली, तर बदलून येणाऱ्या शिक्षकालाही ती उपयोगी पडेल.

या साऱ्यास महिन्यातून पंधरा मिनिटांहून अधिक वेळ लागू नये. एवढ्याशा श्रमाचे मोल काय, असे कोणी विचारील. ऊसतोडीला गेलेले मूल अनेक महिन्यांनी परत येते तेव्हा वर्ग पुढे गेलेला असतो, धडे पुढे गेलेले असतात. बाकावर आपली जागा उरली आहे की नाही याची त्याला शंका असते. अशा वेळी संगणक उघडताच त्याचे घर आणि त्याची शेळी पडद्यावर जशीच्या तशी उभी राहिली, तर शाळेने आपली वाट पाहिली हे त्याला न सांगता कळते. वही हरवू नये म्हणून शिक्षक जसा जपतो, तसेच मुलांचे हे कामही त्याने जपावे. आता ते कोठे असते हे ठाऊक झाले आहे. परत गेल्यावर पहिल्याच दिवशी ते उघडून पाहावे.